कुर्ट गेरोन : जर्मन बोलपटाचा भारदस्त आवाज

'डेअर ब्लाउए एंगेल' ('निळा देवदूत') हा १९३० चा जर्मन बोलपट म्हटलं की मार्लेन डीट्रिशचे पाय आणि एमिल यानिंग्सचं कोंबड्यासारखं आरवणं आठवतं. पण यानिंग्सच्या प्रोफेसर राटच्या डोक्यावर अंडी फोडून त्याला आरवायला लावणारा तो लठ्ठ जादूगार किपर्ट एकदा नीट बघा. एका विद्वानाच्या अधःपाताची तिकिटं विकणारा धंदेवाईक माणूस तोच. ही भूमिका करणारा कुर्ट गेरोन तेव्हा बर्लिनमध्ये बऱ्यापैकी नावाजलेला होता.

त्याचा जन्म ११ मे १८९७ चा, बर्लिनमधल्या ज्यू कुटुंबातला. वैद्यकीच्या शिक्षणात पहिलं महायुद्ध आडवं आलं. आघाडीवर तो जबर जखमी झाला. पुढे अंगाने तो एवढा सुटला त्याचं मूळ त्या दुखापतीत होतं, असं सांगतात. युद्धानंतर डॉक्टरी बाजूला पडली आणि कॅबरे, नाटक, मूकपट सुरू झाले. मूकपटांनी त्याचा अवाढव्य देह भरपूर वापरला. आवाज मात्र रंगमंचापुरताच राहिला.

तो आवाज शहरभर झाला ३१ ऑगस्ट १९२८ ला. नाटककार ब्रेख्त आणि संगीतकार कुर्ट वाइल यांच्या 'ड्राइग्रोशनओपर' ('थ्री पेनी ऑपेरा') या संगीत नाटकाचा तो पहिला प्रयोग. (पु. ल. देशपांड्यांचा 'तीन पैशाचा तमाशा' याच परंपरेतला.) गेरोन त्यात पोलीसप्रमुख टायगर ब्राउन होता आणि सुरुवातीचा रस्त्यावरचा गायकही. सुरीवाल्या मॅकीचं जगभर गाजलेलं गाणं रंगमंचावर पहिल्यांदा गायलं ते त्याने.

पुढच्याच वर्षी उफा या चित्रपट कंपनीने बर्लिनजवळच्या बाबेल्सबर्गला ध्वनिमुद्रणासाठी नवे स्टुडिओ बांधले. चेहऱ्यावर जगणाऱ्या नटांना मायक्रोफोनची धास्ती होती. धुराने भरलेल्या कॅबरेत शेवटच्या टेबलापर्यंत शब्द पोचवणाऱ्यांना ती कशाला असेल? शिवाय डबिंग अजून रुळलं नव्हतं. परदेशच्या बाजारासाठी तोच चित्रपट दुसऱ्या भाषेत पुन्हा चित्रित करत. 'ब्लाउए एंगेल' जर्मनबरोबर इंग्रजीतही झाला आणि दोन्हींत किपर्ट गेरोनच आहे. त्याच वर्षी, १९३० मध्ये, पेट्रोल पंप चालवणाऱ्या तीन मित्रांच्या तुफान चाललेल्या संगीतिकेत तो वकील झाला. माझ्या मते, पडद्यावरच्या गेरोनचं बळ हेच होतं : नायकाकडे सौंदर्य असलं, तरी व्यवहार गेरोनकडे असे.

१९३१ पासून तो दिग्दर्शनाकडे वळला. 'डेअर वाइसे डेमोन' (१९३२) मध्ये त्याने हान्स आल्बर्सला घेतलं. हा आल्बर्स 'ब्लाउए एंगेल'मधला त्याचा सहकलाकार.

'ब्लाउए एंगेल'चा पहिला खेळ १ एप्रिल १९३० चा. बरोबर तीन वर्षांनी, १ एप्रिल १९३३ ला, नाझींनी ज्यूंवर बहिष्कार पुकारला आणि चालू चित्रीकरणातून दिग्दर्शक गेरोनला उफाने बाहेर काढलं. पॅरिस, व्हिएन्ना असं करत तो नेदरलँड्सला पोचला आणि तिथेही त्याने चित्रपट केले. मे १९४० मध्ये जर्मन फौजा मागोमाग आल्या. त्याच वर्षीच्या 'डेअर एविगे यूडे' या विषारी प्रचारपटात गेरोनच्या जुन्या भूमिकांचे तुकडे 'ज्यू असे असतात' याचा पुरावा म्हणून वापरले गेले. नटाने वठवलेलं पात्र त्याच्याच जातकुळीचा दाखला ठरवायचं, हा खास नाझी कावा.

नेदरलँड्समधल्या वेस्टरबोर्कच्या छावणीतून १९४४ च्या आरंभी त्याला टेरेझिनश्टाट या नाझींच्या छावणीत नेलं. तिथे त्याने 'कारुसेल' नावाचा कॅबरे उभा केला. मग एसएसने, म्हणजे छावण्या चालवणाऱ्या नाझी दलाने, हुकूम सोडला : छावणी म्हणजे सुखी वसाहत, असा चित्रपट कर. ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये कैद्यांना कॅमेऱ्यासमोर हसरं राहायला सांगण्याचं काम त्याच्या गळ्यात पडलं. काही सहकैद्यांनी त्याला कधीच माफ केलं नाही. नकाराचा अर्थ काय होता हे लक्षात घेतलं, तर आज त्याला बोल लावणं मला जड जातं.

२८ ऑक्टोबर १९४४ ला टेरेझिनश्टाटहून आउशवित्झला शेवटची गाडी गेली. तीत गेरोन आणि त्याची पत्नी ओल्गा होते. पोचताच दोघांना मारण्यात आलं. चित्रपटाचं संकलन त्याच्यामागे झालं आणि तो तयार होईपर्यंत युद्ध संपत आलं होतं. आज त्याची सुमारे २० मिनिटं उरली आहेत.