तीस फ्रेमचे कुलूप : जुने गेम, नवा कन्सोल आणि २०१६ नंतरचे निर्णय

जळगाव, धुळे, नंदुरबार या पट्ट्यात पीएस-फाइव्ह, म्हणजे सोनी कंपनीचा प्लेस्टेशन ५ हा गेम कन्सोल, घेणाऱ्याच्या घरी बहुधा आधीचा पीएस-फोर असतो आणि त्याच्या डिस्कांचा गठ्ठाही. नवा गेम पाच हजारांच्या घरात जातो. तेवढ्या पैशांत सेकंड हँडच्या तीन-चार जुन्या डिस्क येतात. म्हणून दुकानात मशीन पाहायला आलेला पोरगा आधी विचारतो, "भाऊ, हाऊ जुना गेम यावर चालस का?" पीएस-फोरच्या डिस्कपुरते या प्रश्नाचे उत्तर २०२० पासून जवळजवळ नेहमी 'हो' असेच आहे. गुंता त्याच्या पुढे सुरू होतो. एकाच मशीनवर, एकाच टीव्हीवर एक जुना गेम साठ फ्रेमने, म्हणजे सेकंदाला साठ चित्रांनी, लोण्यासारखा चालतो आणि दुसरा तीसच्या वर सरकत नाही. कधी कधी तर एकाच गेमच्या दोन प्रतींमध्ये हा फरक पडतो. आज हे ज्या नियमांनी ठरते ते बहुतेक २०१६ ते २०२१ या काळात घडले, त्यामुळे त्याआधीचा इतिहास थोडक्यात आटोपता येईल.

पीएस-टूच्या आत पीएस-वनचा प्रोसेसरच बसवलेला होता. एरवी तो इनपुट-आउटपुट सांभाळायचा आणि जुनी डिस्क घातली की गेम चालवायचा. मेन्यूत 'डिस्क स्पीड' आणि 'टेक्स्चर मॅपिंग' असे दोन पर्याय होते. पहिल्याने डिस्क जलद वाचली जायची, दुसऱ्याने चित्रातले ठोकळे मऊ दिसायचे. दोन्ही मुळात 'स्टँडर्ड'वर असायचे, कारण बदलल्यावर काही गेम बिघडू शकत होते. नव्या मशीनचे बळ जुन्या गेमला द्यायचे, पण खेळणाऱ्याने स्वतः मागितले तरच, हे धोरण इथे स्पष्ट दिसते. आपल्याकडच्या गेम पार्लरमध्ये तासाच्या हिशेबाने चालणाऱ्या, कॉपी डिस्क चालाव्या म्हणून चिप बसवलेल्या पीएस-टूवर या मेन्यूला फारसे काम नव्हते. तिथे पीएस-टूच्याच कॉपी केलेल्या डीव्हीडी चालायच्या.

पीएस-थ्रीने मागचा रस्ता टप्प्याटप्प्याने बंद केला. २००६ च्या पहिल्या मशीनमध्ये पीएस-टूच्या दोन्ही मुख्य चिप होत्या. २००७ मध्ये युरोपात आलेल्या मॉडेलमध्ये त्यांतली एकच उरली आणि त्याच वर्षाच्या अखेरीस आलेल्या चाळीस जीबीच्या मॉडेलमध्ये तीही नव्हती. पीएस-फोरवर पीएस-थ्रीची डिस्क चालतच नाही. जानेवारी २०१४ मध्ये तो भारतात ३९,९९० रुपयांना आला, तेव्हा घरातला जुना संग्रह बाजूला ठेवूनच घ्यावा लागला. मात्र याच पिढीत पीएस-फोर आणि मायक्रोसॉफ्टचा एक्सबॉक्स वन हे दोन्ही कन्सोल साध्या पीसीच्या घराण्यातल्या, म्हणजे एक्स-८६ जातीच्या प्रोसेसरवर आले. पुढचे मशीनही त्याच घराण्यातले असेल तर जुना गेम जवळजवळ आहे तसा चालवता येणार, हे तेव्हाच ठरल्यासारखे झाले.

आता वादाचा निर्णय. १० नोव्हेंबर २०१६ ला पीएस-फोरची जास्त ताकदीची आवृत्ती, पीएस-फोर प्रो, बाजारात आली. ग्राफिक्सची युनिट १८ वरून ३६ झाली, त्यांचा वेग ८०० वरून ९११ मेगाहर्ट्‌झ आणि प्रोसेसरचा १.६ वरून २.१ गिगाहर्ट्‌झ. पण ज्या गेमला प्रोसाठी वेगळा पॅच, म्हणजे नंतर उतरवून घ्यायची सुधारणा, नव्हता, तो घातला की मशीन स्वतःला आखडून घ्यायचे. निम्मी युनिट बंद, दोन्ही वेग जुन्या मापावर. म्हणजे जास्त पैसे मोजून घेतलेल्या मशीनवरही, साध्या पीएस-फोरवर अटकणारा गेम त्याच जागी तसाच अटकायचा.

यामागे सोनीची बाजू होती आणि ती पोकळ नव्हती. कन्सोलचा गेम एका ठरावीक मशीनसाठी लिहिलेला असतो. कोणते काम किती वेळात होते, कोणते आधी संपते, हे लिहिणारा गृहीत धरतो. वेग बदलला की ही गृहीतके मोडू शकतात. सुरुवातीच्या पीसीवर ४.७७ मेगाहर्ट्‌झसाठी लिहिलेले गेम पुढच्या मशीनवर हाताळता येणार नाहीत इतके पळायचे. त्या डब्यांवरचे 'टर्बो' बटण प्रत्यक्षात मशीन हळू करायलाच लागायचे. अलीकडचे उदाहरण २०१४ च्या डार्क सोल्स टूचे. पीसीवर तो साठ फ्रेमने चालवला की हत्यारे दुप्पट वेगाने झिजायची, कारण झीज फ्रेमच्या हिशेबाने मोजली जात होती. विकलेल्या हजारो गेमपैकी प्रत्येक गेम नव्या वेगावर तपासणे शक्य नाही, तेव्हा सगळ्यांना जुन्याच वेगावर ठेवा, असा तो हिशेब होता.

भीती खरी असली तरी उपाय चुकीचा होता, असे माझे मत आहे. काही गेम बिघडतील म्हणून सगळ्याच गेमना कुलूप लावले आणि किल्ली खेळणाऱ्याला दिली नाही. पीएस-टूच्या वेळी हीच भीती होती, तरी दोन पर्याय मेन्यूत ठेवले होते. शेवटी चार महिन्यांनी, मार्च २०१७ च्या ४.५० अपडेटमध्ये 'बूस्ट मोड' आला. सेटिंग्जमध्ये एक खूण करायची, गेम विचित्र वागला तर काढायची. प्रोसेसरचा वेग सुमारे तीस टक्क्यांनी वाढत असल्यामुळे गर्दीच्या प्रसंगी २२-२५ वर घसरणारे गेम तीसजवळ टिकू लागले. मोठी पडझड काही झाली नाही. चार महिने जी सोय धोक्याची म्हणून नाकारली, ती एका खुणेवर देता येत होती हे तेव्हाच उघड झाले.

पण बूस्ट मोडने एक दुसरी गोष्ट उघडी पाडली, आणि आजचा सगळा गोंधळ तिच्यातूनच आला आहे. मशीनचे कुलूप काढले तरी गेमच्या आत स्वतःचे कुलूप असते. ज्या गेमचा फ्रेम रेट मोकळा सोडलेला आहे, तो नव्या मशीनवर आपोआप वर चढतो. २०१४ चा इन्फेमस सेकंड सन पीएस-फाइव्हवर कुठल्याही पॅचशिवाय साठवर जातो तो यामुळेच. जो तीसवर बांधलेला आहे, तो फार तर तीसवर स्थिर होतो. त्याच्या पुढे दहापट ताकदीचे मशीन ठेवले तरी तो तीसच मागतो.

ही बांधणी कुणी आळसाने केलेली नव्हती. जुन्या मशीनवर फ्रेम रेट ३० ते ४५ मध्ये हिंदकळत राहिला की डोळ्यांना त्रास होतो. त्यापेक्षा सपाट तीस बरे वाटतात. म्हणून कित्येक गेम मोकळे निघाले आणि नंतरच्या पॅचने बांधले गेले. त्या वेळी ती सुधारणा होती. पुढे २०२० मध्ये पीएस-फाइव्ह आला आणि तीच सुधारणा आड आली. डिसेंबर २०१६ चा द लास्ट गार्डियन मूळ डिस्कवरून, पॅच न घालता लावला तर पीएस-फाइव्हवर साठ फ्रेमने चालतो. अपडेट केला की तीसवर येतो. २०१४ च्या असॅसिन्स क्रीड युनिटीचेही तसेच. डाउनलोड करून घेतलेल्या प्रतीला ही वाट नाही, कारण तिथे शेवटची आवृत्तीच मिळते.

एकाच गेमच्या दोन प्रती वेगळ्या का चालतात, याचे उत्तर इथे आहे. सप्टेंबर २०१६ मध्ये स्वस्त फोर-जी येईपर्यंत आपल्या तालुक्याच्या गावांत काही जीबींचा पॅच उतरवणे परवडत नव्हते, तेव्हा पॅचशिवाय खेळणे ही मजबुरी होती. आता तीच जुनी डिस्क, नेट बंद ठेवून नव्याने इन्स्टॉल केलेली, काही गेमच्या बाबतीत सगळ्यांत जलद प्रत ठरते. अर्थात पॅचने काढलेले दोषही परत येतात. युनिटीची पहिली आवृत्ती दोषांसाठीच गाजली होती. शिवाय उशिरा छापलेल्या डिस्कवर पॅच आधीच मिसळलेला असू शकतो, म्हणून सेकंड हँड घेताना पहिल्या छपाईची डिस्क पाहावी. २ फेब्रुवारी २०२१ ला पीएस-फाइव्ह भारतात आला तेव्हा डिस्कवाला ४९,९९० रुपयांना होता आणि बिनडिस्कच्या मॉडेलची किंमत ३९,९९० रुपये जाहीर झाली होती. दहा हजार वाचवणाऱ्याने हा सगळा मार्गच बंद करून घेतला, आणि हे त्याला काउंटरवर सांगितले जात नव्हते.

पीएस-फाइव्हच्या बाबतीत सुरुवातीला एक गैरसमजही पसरला. मार्च २०२० च्या तांत्रिक सादरीकरणात सर्वाधिक खेळल्या गेलेल्या शंभर गेमच्या चाचणीचा उल्लेख होता. त्यावरून 'शंभरच जुने गेम चालणार' असे लोकांनी धरले. पुढे चार हजारांहून अधिक गेम चालतात हे स्पष्ट झाले. या मशीनची ग्राफिक्स युनिट ३६ च, प्रोइतकीच आहेत. जुन्या गेमशी जुळवून घ्यायला ते सोयीचे ठरले.

त्याच सादरीकरणातला आणखी एक मुद्दा खान्देशासाठी महत्त्वाचा आहे, पण इकडे त्यावर फारसे कुणी बोलले नाही. मशीनला ठरावीक वीज द्यायची आणि कामाच्या भाराप्रमाणे चिपचा वेग खाली-वर करायचा, असे तत्त्व त्यात स्वीकारले. यावर टीका खूप झाली. जाहीर केलेला २.२३ गिगाहर्ट्‌झचा वेग सतत मिळणार नाही, तर आकडा फसवा नाही का, असा आक्षेप होता. पण हा बदल खोलीच्या तापमानावर नव्हे, चिपच्या कामावर ठरतो. त्यामुळे थंड देशातल्या आणि भुसावळच्या मशीनचा वेग रचनेनुसार सारखाच राहतो. पुस्तिकेतली वापराची तापमानमर्यादा मात्र ५ ते ३५ अंशच आहे आणि इकडे मे महिन्यात पारा पंचेचाळीशी गाठतो. प्रोवर बूस्ट मोड लावल्यावर वाढलेल्या वेगाबरोबर उष्णताही वाढते. उन्हाळ्यात दुपारी तो बंद ठेवून खेळणाऱ्यांचे अजिबात चुकत नव्हते. पंख्यातली धूळ काढणे हा इकडे कामगिरीचाच भाग आहे.

एक्सबॉक्सने वेगळी वाट धरली आणि मला ती अधिक पटते. नोव्हेंबर २०१५ पासून तिथे आधीच्या पिढीच्या एक्सबॉक्स थ्री-सिक्स्टीचे गेम एकेक करून एक्सबॉक्स वनवर आणले गेले. २०१७ च्या वन एक्स या जास्त ताकदीच्या मॉडेलवर त्यांतल्या निवडक गेमचे रिझोल्यूशनही, म्हणजे चित्राची बारकाईही, वाढले. १० नोव्हेंबर २०२० ला पुढच्या पिढीचे सिरीज एक्स आणि एस भारतातही जगाबरोबरच आले, अनुक्रमे ४९,९९० आणि ३४,९९० रुपयांना. मग फेब्रुवारी २०२१ मध्ये 'एफपीएस बूस्ट' आला. यात गेमच्या मूळ कोडला हात न लावता सिस्टिमच्या पातळीवर फ्रेम रेट दुप्पट केला जातो. सुरुवात पाच गेमने झाली, मे महिन्यापर्यंत संख्या ९७ वर गेली. ज्या गेममध्ये रिझोल्यूशन कमी करावे लागते तिथे हा पर्याय मुळात बंद असतो आणि खेळणारा तो चालू करू शकतो. स्वस्त सिरीज एस घेणाऱ्याने मात्र एक लक्षात ठेवावे : मेमरी कमी असल्याने त्यावर जुन्या गेमची वन एक्ससाठी सुधारलेली आवृत्ती चालत नाही, साधीच चालते. नोव्हेंबर २०२१ मध्ये ७६ जुने गेम शेवटचे म्हणून जोडले गेले. परवाने, कायदा आणि तंत्र यांची मर्यादा आली, असे तेव्हा सांगण्यात आले.

प्लेस्टेशनच्या बाजूने हे काम गेम बनवणाऱ्यांवर सोडले गेले. ज्यांना जमले त्यांनी पॅच दिले. २०१८ च्या गॉड ऑफ वॉरला फेब्रुवारी २०२१ मध्ये साठ फ्रेम मिळाल्या. ज्यांचे बनवणारे पुढच्या कामाला लागले, ते गेम तसेच राहिले. यातला सगळ्यांत बोचणारा गेम म्हणजे मार्च २०१५ चा ब्लडबोर्न. तो साठने चालू शकतो हे एका चाहत्याने स्वतः पॅच लिहून दाखवून दिले. तो पॅच फक्त कंपनीची सुरक्षा तोडलेल्या मशीनवर चालायचा आणि २०२५ च्या सुरुवातीला कायदेशीर नोटिशीनंतर त्याचे दुवे हटवावे लागले.

नोव्हेंबर २०२४ मध्ये पीएस-फाइव्ह प्रो आला. साडेआठ हजारांहून अधिक पीएस-फोर गेमना त्यावर 'गेम बूस्ट' मिळेल असे सांगितले गेले आणि जुन्या गेमचे चित्र सुधारण्याचा पर्यायही दिला गेला. भारतात तो त्या वेळी विक्रीला आला नाही, कारण त्याच्या वायफायला लागणारा सहा गिगाहर्ट्‌झचा पट्टा इथे तेव्हा खुला नव्हता. ज्यांनी तो बाहेरून मागवला, त्यांच्या प्रोवरही २०१७ चाच नियम चालू आहे : मोकळे गेम वर चढतात, बांधलेले फार तर स्थिर होतात. ब्लडबोर्न तिथेही तीसवरच आहे.