जर्नीमन वाइड रिसीव्हर

जर्नीमन वाइड रिसीव्हर : अमेरिकन फुटबॉलच्या नॅशनल फुटबॉल लीगमध्ये, म्हणजे एनएफएलमध्ये, कारकीर्दीत चार-पाच किंवा त्याहून अधिक संघांकडून खेळलेला आणि बहुधा तिसऱ्या ते पाचव्या क्रमांकाच्या जागेवर टिकून राहिलेला वाइड रिसीव्हर, म्हणजे क्वार्टरबॅकने (चाल चालवून चेंडू फेकणाऱ्या खेळाडूने) फेकलेला चेंडू झेलणारा खेळाडू. केवळ संघ बदलले म्हणून ही संज्ञा लावणे योग्य नाही. ब्रँडन मार्शलने डेन्व्हर, मायामी, शिकागो आणि न्यूयॉर्क जेट्स या चार संघांकडून हजार यार्डांचे मोसम (एका मोसमात झेलांवर हजार यार्डांची कमाई) केले. ब्रँडिन कुक्सनेही न्यू ऑर्लीन्स, न्यू इंग्लंड, लॉस एंजेलिस रॅम्स आणि ह्यूस्टन या चार संघांकडून तेच केले. या दोघांना प्रत्येक ठिकाणी पहिल्या फळीसाठीच आणले गेले. प्रस्तुत नोंदीत संज्ञेचा मर्यादित अर्थ घेतला आहे : पडलेली जागा भरण्यासाठी घेतला जाणारा आणि तेवढ्यासाठीच वारंवार हवाहवासा वाटणारा खेळाडू.

उद्गम : अशी कारकीर्द केव्हापासून शक्य झाली, याबद्दल एकमत नाही. एक मत तिचा आरंभ १९९३ च्या खेळाडू-करारापासून धरते. त्याआधीची परिस्थिती पाहता या मताला आधार आहे. खेळाडूच्या स्वेच्छेने संघ बदलण्याला एक मोठा लगाम एका रिसीव्हरमुळेच बसला. उंच उडी मारून बचावपटूंच्या डोक्यावरून चेंडू घेण्याच्या ‘अ‍ॅली-ऊप’ झेलासाठी प्रसिद्ध असलेला आर. सी. ओवेन्स सॅन फ्रान्सिस्कोशी असलेल्या कराराची मुदत पुरी करून १९६२ मध्ये बाल्टिमोर कोल्ट्सकडे गेला. त्यानंतर, १९६३ पासून, ‘रोझेल नियम’ लागू झाला. करार संपलेला खेळाडू घेणाऱ्या संघाने जुन्या संघाला भरपाई द्यावी आणि दोन्ही संघांत एकमत न झाल्यास ती आयुक्त पीट रोझेल यांनी ठरवावी, असा तो नियम. भरपाई किती द्यावी लागेल हे आधी कळत नसल्याने संघ असे खेळाडू घेण्यास धजेनात. जॉन मॅकी आणि इतर खेळाडूंच्या खटल्यात १९७६ मध्ये अपील न्यायालयाने हा नियम स्पर्धाविरोधी ठरवला. परंतु १९७७ च्या करारात भरपाईची जागा ड्राफ्टमधील, म्हणजे नवे खेळाडू वाटून घेण्याच्या वार्षिक फेरीतील, निवडींनी घेतली आणि व्यवहारात फारसा फरक पडला नाही.

१९८९ मध्ये ‘प्लॅन बी’ आला. प्रत्येक संघाने ३७ खेळाडू राखून ठेवायचे आणि उरलेल्यांना मोकळे सोडायचे. जर्नीमनच्या इतिहासात हा टप्पा महत्त्वाचा आहे, कारण मोकळे होणारे खेळाडू नेमके फळीच्या तळाचे होते. म्हणजे ताऱ्यांच्या आधी दुय्यम खेळाडूंचे फिरणे सुरू झाले. सप्टेंबर १९९२ मध्ये मिनिआपोलिस येथील ज्यूरीने प्लॅन बीही बेकायदा ठरवला. १९९३ चा करार त्यातून निघाला आणि १९९४ पासून ३ कोटी ४६ लाख डॉलरची वेतनमर्यादा आली.

दुसरे मत मैदानाकडे बोट दाखवते. संघ बदलण्याची मुभा असून भागत नाही, नव्या संघात जागा असावी लागते. दोन रिसीव्हर, एक टाइट एंड (अडवणारा आणि झेलणाराही) आणि दोन रनिंग बॅक (चेंडू घेऊन धावणारे) या जुन्या मांडणीत तिसरा रिसीव्हर हा केवळ बदली खेळाडू होता. १९४९ च्या सुमारास प्रशिक्षक क्लार्क शॉनेसी यांनी रॅम्समध्ये एलरॉय हर्शला हाफबॅकच्या (मागून धावणाऱ्याच्या) जागेवरून बाहेर फ्लँकर म्हणून, म्हणजे कडेचा रिसीव्हर म्हणून, उभे केले. फ्लँकरचा उगम काही जण येथे मानतात, तर काही त्याच काळातील इतर संघांकडे वळतात. त्यामुळे बाहेरच्या जागा दोन झाल्या, तीन नव्हेत. १९७८ च्या नियमबदलाने पाच यार्डांपलीकडे रिसीव्हरला धक्का देण्यास बंदी आली आणि चेंडू फेकण्याचे मोल वाढले. १९८० च्या दशकात जो गिब्ज यांच्या वॉशिंग्टन संघाने एकच रनिंग बॅक ठेवून रिसीव्हर वाढवले. १९८९ मध्ये त्या संघाच्या आर्ट मंक, गॅरी क्लार्क आणि रिकी सँडर्स या तिघांनीही हजार यार्ड ओलांडले. ह्यूस्टन ऑइलर्स तर ‘रन अँड शूट’ पद्धतीत चार रिसीव्हर घेऊन उतरत. तिसरी आणि चौथी जागा ही कायमची नोकरी झाली ती येथे. प्रस्तुत नोंदीचा कल या दुसऱ्या मताकडे आहे : करारांनी दार उघडले, पण आत खोली बांधली ती मांडणीतील बदलाने.

फळीतील जागा आणि कराराचे गणित : मोसमात मुख्य यादी ५३ जणांची असते. तीत वाइड रिसीव्हर बहुधा पाच किंवा सहा असतात आणि सामन्याच्या दिवशी त्यांतील चार-पाच गणवेशात असतात. पहिले दोघे चेंडू झेलतात म्हणून यादीत असतात. पाचव्याला केवळ झेलण्यावर जागा मिळत नाही, त्याला स्पेशल टीममध्ये, म्हणजे किकच्या चालींसाठीच्या तुकडीत, खेळावे लागते. पंटच्या (चेंडू लाथेने प्रतिपक्षाकडे दूर मारण्याच्या) वेळी सर्वांत बाहेर उभा राहणारा गनर चाळीसहून अधिक यार्ड धावतो आणि एक किंवा दोन अडवणाऱ्यांना चुकवून परतवणाऱ्यापर्यंत, म्हणजे तो चेंडू घेऊन उलट धावणाऱ्यापर्यंत, पोचतो. त्याने बाहेरची बाजू सोडली तर परतवणारा कडेने निसटतो. तो स्वतःहून मैदानाबाहेर गेला तर दंड होतो, आणि ढकलला गेला तर लगेच आत यावे लागते. टेड गिन ज्युनिअर २००७ मध्ये नवव्या क्रमांकावर निवडला गेला, पण मायामीनंतर सॅन फ्रान्सिस्को, कॅरोलायना, ॲरिझोना, न्यू ऑर्लीन्स, शिकागो अशी त्याची कारकीर्द लांबली. तिच्या पहिल्या निम्म्यात तरी झेलांपेक्षा किक परतवण्याचा वेग अधिक कामी आला. २०२४ पासून किकऑफची (खेळ सुरू करणाऱ्या किकची) मांडणी बदलली, दोन्ही बाजू जवळजवळ उभ्या राहू लागल्या आणि लांब धावेवर जगणाऱ्या खेळाडूचे गणित पुन्हा मांडावे लागले.

सहा किंवा अधिक सामने पूर्ण वेतनावर यादीत असल्यास मोसम ‘अ‍ॅक्रूड’ धरला जातो. असे चार मोसम झाले आणि करार संपला की खेळाडू मोकळा होतो. चारपेक्षा कमी असतील तर काढलेला खेळाडू वेव्हरवर जातो : इतर संघांना त्याच्यावर दावा करण्यासाठी साधारण एक दिवस मिळतो आणि अग्रक्रम दुबळ्या संघाला असतो. तरुण खेळाडू त्यामुळे आपला पुढचा संघ निवडू शकत नाही. अनुभवी खेळाडूपुढचा पेच वेगळा आहे. किमान वेतन अनुभवानुसार चढते; २०२४ मध्ये नवख्यासाठी ते ७ लाख ९५ हजार डॉलर आणि सात किंवा अधिक वर्षे खेळलेल्यासाठी १२ लाख १० हजार डॉलर होते. याचा अर्थ अनुभवी माणूस महाग पडतो आणि संघ स्वस्त नवख्याकडे वळतो. त्यावर उपाय म्हणून किमान वेतनाच्या एक वर्षाच्या करारात अनुभवी खेळाडूचा वेतनमर्यादेवरचा भार कमी, दोन वर्षांच्या खेळाडूइतका धरण्याची सवलत आहे. जर्नीमनचे बहुतेक करार या सवलतीत बसवलेले असतात.

आणखी एक बारकावा. पहिल्या सामन्याच्या दिवशी यादीत असलेल्या अनुभवी खेळाडूला नंतर काढले तरी तो त्या मोसमाचे उरलेले वेतन मागू शकतो. ही जबाबदारी टाळण्यासाठी काही संघ त्याला ऑगस्टअखेर सोडतात आणि पहिला सामना उरकल्यावर पुन्हा घेतात. बातम्यांत ‘काढले’ असे वाचून खेळाडू संपला असा निष्कर्ष काढणे त्यामुळे धोक्याचे ठरते. सरावसंघात सोळा जण असतात. तेथून एखाद्याला दुसऱ्या संघाने उचलले तर त्याला ५३ च्या यादीत घ्यावेच लागते आणि किमान तीन आठवड्यांचे वेतन द्यावे लागते. सरावसंघातील आठवडे मात्र अधिकृत आकडेवारीत उमटत नाहीत, म्हणून अनेक कारकीर्दी प्रत्यक्षात असतात त्यापेक्षा कागदावर तुटक दिसतात.

नवी परिभाषा शिकणे : संघ बदलणाऱ्या रिसीव्हरचे खरे कसब येथे लागते. रूट, म्हणजे रिसीव्हरने धावायचे ठरलेले मार्ग, जवळपास सर्वत्र तेच असतात, त्यांना हाक मारण्याची पद्धत बदलते. प्रशिक्षक डॉन कोरिएल यांच्या परंपरेत आकडे असतात. प्रचलित मांडणीत सम आकडे आतल्या बाजूचे आणि विषम बाहेरचे : २ म्हणजे स्लँट (तिरके आत), ५ म्हणजे आउट (कडेकडे वळण), ८ म्हणजे पोस्ट (खोल जाऊन मध्याकडे), ९ म्हणजे सरळ धाव. ‘५२५’ अशी हाक आली की पहिला आकडा एक्सचा (एका कडेच्या रिसीव्हरचा), दुसरा टाइट एंडचा, तिसरा झेडचा (दुसऱ्या कडेच्या रिसीव्हरचा). आपला आकडा ऐकला की काम भागते. वेस्ट कोस्ट पद्धतीत मांडणी, हालचाल, संरक्षण आणि रूट यांची लांबलचक शब्दमाळ असते. तीतून आपला तुकडा उचलावा लागतो. एर्हार्ट-पर्किन्स पद्धतीत एका शब्दात संपूर्ण संकल्पना सांगितली जाते आणि कोण कुठे उभा आहे त्यावरून कोणाचा रूट कोणता हे ठरते. येथे एकच जागा पाठ केलेला खेळाडू अडतो. एक्स, झेड आणि स्लॉट (त्यांच्या आतली जागा) या तिन्ही जागा येणारा जर्नीमन अशा संघाला विशेष मोलाचा असतो, कारण सामन्यात एक जण जखमी झाला तर उरलेल्यांतूनच सगळ्या जागा भराव्या लागतात.

मोसमात संघ सहसा मंगळवारी चाचणी घेतो. वैद्यकीय तपासणी, करार, आणि बुधवारी पहिल्या-दुसऱ्या डाउनच्या (दहा यार्डांसाठी मिळणाऱ्या चार प्रयत्नांपैकी पहिल्या दोनच्या) चाली, गुरुवारी तिसऱ्या डाउनच्या, शुक्रवारी शेवटच्या वीस यार्डांच्या. रविवारी सामना. एवढ्यात संपूर्ण पुस्तक होत नाही, म्हणून शहाणे प्रशिक्षक नव्या माणसाला मोजक्याच चाली देतात. चुका ठरावीक ठिकाणी होतात. बारा यार्डांवर वळायचे असताना दहावर वळला, तर क्वार्टरबॅकची पावले पुरी होण्याआधीच रिसीव्हर मोकळा होऊन पुन्हा झाकला जातो. चौदावर वळला, तर चेंडू कॉर्नरबॅकच्या (रिसीव्हरला झाकणाऱ्या बचावपटूच्या) हाती जातो. पर्यायी रूटमध्ये धोका अधिक. समोर मॅन कव्हरेज (एकास एक बचाव) असेल तर धावत राहायचे, झोन (जागा वाटून घेतलेला बचाव) असेल तर मोकळ्या फटीत थांबायचे. दोघांनी वेगळे वाचले तर चेंडू रिकाम्या जागी पडतो आणि प्रेक्षकांना ती क्वार्टरबॅकची चूक वाटते. मांडीच्या मागच्या स्नायूची दुखापतही येथे वारंवार दिसते : काही आठवडे एकट्याने सराव केलेला खेळाडू चाचणीत आणि लगेच संघाच्या सरावात पूर्ण वेगाने धावू लागतो.

रिकी प्रोल : या प्रकारच्या कारकीर्दीचे सर्वांत पूर्ण उदाहरण. जन्म १९६८. वेक फॉरेस्ट विद्यापीठातून १९९० मध्ये फीनिक्स कार्डिनल्सने तिसऱ्या फेरीत निवड केली. पुढे सिअ‍ॅटल, शिकागो, सेंट लुईस, कॅरोलायना आणि इंडियानापोलिस. सतरा मोसमांत ६६९ झेल, ८,८७८ यार्ड, ५४ टचडाउन (प्रतिपक्षाच्या शेवटच्या पट्ट्यात चेंडू पोचवून केलेली गुणांची कमाई). एकाही मोसमात हजार यार्ड नाहीत. १९९३ चे ८७७ हे सर्वाधिक.

आकड्यांचा क्रम पाहण्यासारखा आहे. कार्डिनल्सच्या पाच वर्षांत २८७ झेल, आणि १९९५ मध्ये सिअ‍ॅटलमध्ये अवघे ५. बहुतेकांची कारकीर्द येथे संपते. प्रोलने १९९७ मध्ये शिकागोत ५८ आणि १९९८ मध्ये सेंट लुईसमध्ये ६० झेल घेतले. १९९९ मध्ये टॉरी होल्ट आला, आयझॅक ब्रूस होताच, आणि प्रोलचे झेल ३३ वर आले, नियमित मोसमात टचडाउन शून्य. संघ मात्र त्याच वर्षी विजेता झाला. संघ सुधारला की जर्नीमनचे आकडे घसरतात. म्हणून त्याला केवळ आकड्यांवरून जोखणे अन्यायाचे आहे.

२३ जानेवारी २००० रोजी बादफेरीत टॅम्पा बेविरुद्ध सेंट लुईस रॅम्स ५-६ असे मागे होते. ४ मिनिटे ४४ सेकंद उरली असताना, तिसऱ्या डाउनवर, क्वार्टरबॅक कर्ट वॉर्नरने डाव्या कडेला फेकलेला ३० यार्डांचा चेंडू प्रोलने बचावपटू ब्रायन केलीच्या वरून घेतला. रॅम्स ११-६ जिंकले आणि सुपर बोलला, म्हणजे अंतिम सामन्याला, पोचले. बादफेरी धरूनही संपूर्ण मोसमातला त्याचा तो एकमेव टचडाउन.

सुपर बोल ३६ मध्ये त्याने दोन्ही बाजू पाहिल्या. पूर्वार्धाच्या अखेरीस झेल घेतल्यावर त्याच्या हातून चेंडू सुटला आणि त्यातून न्यू इंग्लंडने टचडाउन केला. उत्तरार्धात दीड मिनिट उरले असताना प्रोलच्याच २६ यार्डांच्या टचडाउनने बरोबरी झाली, पण अ‍ॅडम विनाटिएरी या न्यू इंग्लंडच्या किकरच्या ४८ यार्डांच्या किकने रॅम्स १७-२० हरले. दोन वर्षांनी, सुपर बोल ३८ मध्ये, कॅरोलायनाकडून पस्तिशीतल्या प्रोलने ६८ सेकंद उरली असताना १२ यार्डांच्या झेलाने पुन्हा बरोबरी साधली आणि विनाटिएरीच्या ४१ यार्डांच्या किकने पँथर्स २९-३२ हरले. त्याच मोसमाच्या पहिल्या सामन्यात, जॅक्सनव्हिलविरुद्ध, बदली आलेल्या क्वार्टरबॅक जेक डेलोमने १६ सेकंद उरली असताना चौथ्या डाउनवर विजयी टचडाउन प्रोलकडेच फेकला होता. डाउन संपत आले असता प्रशिक्षक वेगापेक्षा ठरल्या जागी वेळेवर पोचणारा माणूस शोधतो, याचे याहून स्पष्ट उदाहरण सापडणे अवघड.

२००६ मध्ये तो इंडियानापोलिस कोल्ट्सकडे गेला. त्या मोसमात त्याचे ३ झेल. कोल्ट्सने सुपर बोल ४१ जिंकला. संघाचा किकर होता विनाटिएरी.

उत्तर कारकीर्द : अनेक परिभाषा आणि तिन्ही जागा ठाऊक असल्याने या खेळाडूंना प्रशिक्षणाची वाट जवळची असते. प्रोलने २०१० च्या दशकात कॅरोलायनामध्ये रिसीव्हरांचे प्रशिक्षण केले. ऑस्टिन आणि ब्लेक हे त्याचे दोन्ही मुलगे वाइड रिसीव्हर झाले. ऑस्टिनला २०१८ मध्ये बफेलोने सातव्या फेरीत निवडले.