जावाची साल आणि दुसरे महायुद्ध

मार्च १९४२ मध्ये डचांच्या ताब्यातले जावा बेट जपानच्या हाती पडले. तेल आणि रबर गेल्याची चर्चा खूप झाली, पण त्यांच्यासोबत कोयनेलही गेले. हिवतापावरचे हे औषध सिंकोना झाडाच्या सालीतून निघते, आणि त्या काळी जगातली सुमारे नव्वद टक्के साल एकट्या जावातून येत होती.

या मक्तेदारीचे मूळ १८६५ मधल्या बियाण्याच्या एका व्यवहारात आहे. सिंकोना मूळचा अँडीज पर्वतातला. बोलिव्हियात मॅन्युएल इंक्रा ममानी या स्थानिक जाणकाराने निवडक झाडांचे बी गोळा केले आणि चार्ल्स लेजर या इंग्रज व्यापाऱ्याने ते लंडनला पाठवले. ब्रिटिश सरकारने ते नाकारले. डचांनी थोडे विकत घेऊन जावात लावले, आणि त्या सालीत कोयनेल इतके भरपूर निघाले की निलगिरीतल्या ब्रिटिश लागवडी मागे पडल्या. झाडाच्या जातीला नाव लेजरचे मिळाले. ममानीला मात्र बी गोळा केल्याबद्दल तुरुंगात मारहाण झाली आणि त्यातच तो गेला. माझ्या मते या इतिहासात पहिले नाव त्याचे यायला हवे.

जावा गेल्यावर अमेरिकेने वनस्पतिशास्त्रज्ञांना साल शोधायला कोलंबिया, इक्वेडोरच्या जंगलांत धाडले, म्हणजे पुन्हा अँडीजमध्येच. जोडीला मेपाक्रीन या कृत्रिम गोळीचे उत्पादन वाढवले. तिने कातडी पिवळी पडे, नपुंसकत्व येते अशी अफवाही होती, म्हणून सैनिक ती चुकवत. ब्रह्मदेश आघाडीवर ब्रिटिश सेनापती जनरल स्लिम यांनी अचानक तपासण्या सुरू केल्या आणि गोळ्यांबाबत ढिलाई करणाऱ्या अधिकाऱ्यांना पदावरून दूर केले.

सैन्य सावरले. पण आघाडीच्या मागेच असलेल्या बंगालमध्ये १९४३ च्या दुष्काळात उपासाने खंगलेली माणसे हिवतापाने मेली, आणि तीही प्रचंड संख्येने. भारताची कोयनेलची गरज बरीचशी आयातीवर भागत होती. आयात बंद पडल्यावर उरलेले कोयनेल काळ्या बाजारात गरिबाच्या आवाक्याबाहेर गेले. औषध आधी कोणाला द्यायचे, हे ठरवणाऱ्यांच्या हिशेबात ही गावे सर्वांत शेवटी होती, आणि हा अन्याय युद्धाची अपरिहार्यता म्हणून सोडून देता येत नाही. निलगिरीत आणि दार्जिलिंगजवळच्या मुंगपूत सरकारी मळे होते, पण सिंकोनाची साल काढण्याजोगी व्हायला कित्येक वर्षे लागतात. युद्ध पेटल्यावर लावलेली रोपे त्या वर्षी कोणाच्याच उपयोगी पडणार नव्हती.