फिलिपीन्समधील बालतारे : बालभूमिकेपासून नायकपदापर्यंत

फिलिपीन्सच्या चित्रपट आणि दूरचित्रवाणी व्यवसायात लहानपणीच कॅमेऱ्यासमोर आलेले मूल प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत मोठे होते आणि विशीच्या आत नायक किंवा नायिका बनते, ही साठ वर्षांत रुळलेली वाट आहे. बालकलाकार सगळीकडेच असतात. पण त्यांचे पुढे काय होईल हे बहुतेक ठिकाणी नशिबावर सोडलेले असते. मनिलात मात्र त्याची रीतसर घडी बसली. मुले हेरणाऱ्या स्पर्धा, त्यांना तयार करणाऱ्या कार्यशाळा, प्रेक्षकांना रडवणाऱ्या मालिका, किशोरवयात जुळवली जाणारी पडद्यावरची जोडी आणि अठराव्या वाढदिवसाचा थाट हे त्या वाटेवरचे टप्पे. आजच्या पिढीत कॅथ्रिन बर्नार्डो ही अभिनेत्री ही वाट शेवटपर्यंत चालली आणि मग तिच्याबाहेरही पडली. म्हणून या नोंदीत तिच्यासाठी जास्त जागा दिली आहे.

या परंपरेचा आरंभ बहुधा विल्मा सांतोसपासून सांगितला जातो. १९६३ साली ‘त्रुदिस लिइत’ या चित्रपटात ती नऊ वर्षांची होती. मार्स रावेलो यांच्या चित्रकथेवरून काढलेल्या या चित्रपटात एका पोरीचे अतोनात हाल होतात आणि ती ते सोसत राहते. या भूमिकेसाठी विल्माला फामास हा तिथला मानाचा पुरस्कार बालकलाकार म्हणून मिळाला. गांजलेले, सोशिक पण मनाने न मोडणारे मूल ही व्यक्तिरेखा त्यानंतर फिलिपिनो पडद्यावर इतकी पक्की झाली, की नव्या मुलीला पुढे आणायचे तर तीच भूमिका द्यावी असा शिरस्ताच पडला. २०१० मध्ये जीएमए वाहिनीने याच कथेची मालिका केली. तिच्यातून पाच वर्षांची जिलियन वॉर्ड प्रकाशात आली आणि २०२२ ते २०२४ या काळात ‘आबोत-कामाय ना पांगाराप’ या मालिकेत कोवळ्या वयाच्या डॉक्टरची मुख्य भूमिका करताना देशाने तिला पाहिले. दोन अभिनेत्रींत पन्नासेक वर्षांचे अंतर आहे, पण दोघींना आत घेणारी कथा एकच.

बालभूमिका संपल्यावर काय करायचे, हा प्रश्न फिलिपिनो निर्मात्यांनी जोडी जमवून सोडवला. तिथे या जोडीला ‘लव्ह टीम’ म्हणतात. एक मुलगा आणि एक मुलगी यांना चित्रपटांत, मालिकांत, जाहिरातींत आणि गाण्याच्या कार्यक्रमांत वर्षानुवर्षे एकत्रच आणायचे आणि पडद्याबाहेरही त्यांच्यात काही आहे का, हे कुतूहल जागते ठेवायचे. साठच्या दशकाच्या अखेरीस विल्माची जोडी एडगर मोर्तिझशी जमली. तिची समकालीन नोरा औनोर ही बिकोल भागातल्या इरिगा गावच्या रेल्वे स्थानकावर पाणी विकणारी मुलगी. १९६७ मध्ये ‘तावाग नांग तांघालान’ ही गाण्याची स्पर्धा जिंकून ती चौदाव्या वर्षी घरोघरी पोहोचली. तिची जोडी तिर्सो क्रूझ तिसरा याच्याशी. या जोडीवर चाहत्यांचा जीव किती होता, ते एका बाहुलीवरून कळते. तिर्सोने नोराला एक बाहुली भेट दिली. मारिया लिओनोरा तेरेसा असे तिचे नाव ठेवले गेले. चाहत्यांनी ती या दोघांची लेकच मानली आणि तिच्या नावाचे गाणेही निघाले. आज सोशल मीडियावर जोडीच्या नावाने झुंजणारे चाहते ही नवी गोष्ट वाटते, पण तिचे मूळ त्या बाहुलीपर्यंत जाते. १९८१ मध्ये शॅरन कुनेता आणि गॅबी कोन्सेप्सिओन यांच्या ‘डिअर हार्ट’ने हाच साचा नव्या पिढीसाठी उजळला. शॅरन त्याआधी बाराव्या वर्षी गायिका म्हणून गाजली होती.

नव्वदच्या दशकात हे काम स्टुडिओंच्या हातून वाहिन्यांकडे गेले. एबीएस-सीबीएन वाहिनीने १९९२ मध्ये कलाकार घडवण्यासाठी स्वतःचा विभाग काढला. पुढे तो ‘स्टार मॅजिक’ या नावाने ओळखला जाऊ लागला. जॉनी मनाहन हे त्याचे प्रमुख शिल्पकार. त्याच वर्षी मुलांचा ‘आंग टीव्ही’ हा विनोदी कार्यक्रम सुरू झाला. क्लॉडीन बारेटो, जोलिना मागदांगाल, अँजेलिका पांगानिबान ही पुढे मोठी झालेली नावे त्यातलीच. तो १९९७ मध्ये थांबला. त्याचा खरा वारस म्हणजे २००५ ते २०१९ असा चौदा वर्षे चाललेला ‘गोइन बुलिलित’. रविवारी संध्याकाळी मुलेच मोठ्यांच्या नकला करीत, राजकारण्यांची आणि मालिकांची टर उडवीत. मूल किशोरवयात आले, की त्याचा निरोपाचा भाग होई आणि त्याला पदवीदान म्हणत. हा निरोप म्हणजे बढतीच असे, कारण बहुतेकांची पुढची पायरी किशोरांच्या मालिकेत ठरलेली असे. कार्यक्रमाचे दिग्दर्शक होते एडगर मोर्तिझ, विल्माच्या जोडीतला तोच तरुण. ज्याने स्वतः ही वाट चालली, त्याच्याच हाताखाली पुढची मुले तयार झाली. या परंपरेचे सातत्य याहून स्पष्ट क्वचितच दिसेल.

कॅथ्रिन बर्नार्डोचा जन्म २६ मार्च १९९६ रोजी नुएव्हा एसिहा प्रांतातल्या काबानातुआन शहरी झाला. सातआठ वर्षांची असताना ‘इट माइट बी यू’ या मालिकेत तिने नायिकेचे बालपण रंगवले. मग बरीच वर्षे तेच काम : नायिका मोठी होण्याआधीचे काही भाग करायचे आणि मोठ्या अभिनेत्रीकडे भूमिका सोपवून निघून जायचे. ‘गोइन बुलिलित’मध्येही ती होती. या काळातल्या तिच्या कामाकडे सहसा कुणी गंभीरपणे पाहत नाही, आणि तो तिच्यावर अन्याय आहे. थोडक्या प्रसंगांत पुढच्या सगळ्या कथेचे दुःख पेरून ठेवायचे, हे अवघड काम आहे आणि ते ती वर्षानुवर्षे करत होती.

२०१० मध्ये तिला ‘मारा क्लारा’ मिळाली. ही मालिका १९९२ ते १९९७ अशी पाच वर्षे चाललेली मूळ मालिका नव्याने केलेली होती. मूळ मालिकेतली मारा होती ज्युडी अॅन सांतोस आणि तिला छळणारी क्लारा होती ग्लॅडिस रेयेस. जन्मताच दोन मुलींची अदलाबदल होते. श्रीमंतांची लेक गरिबाघरी आणि गरिबाची लेक वाड्यात वाढते, आणि एक दिवस दोघी एकाच छताखाली येतात. ज्युडी अॅनला या मालिकेने घराघरांतली लाडकी केले. पुढे तिने गंभीर चित्रपटांत नाव कमावले आणि २०१९ मध्ये कैरोच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळवला. नव्या मालिकेत मारा झाली कॅथ्रिन आणि क्लारा झाली ज्युलिया मोंतेस, तीही ‘गोइन बुलिलित’मधलीच. कॅथ्रिन तेव्हा चौदा वर्षांची होती. भूमिका अर्ध्यावर सोपवून जाण्याचे दिवस इथे संपले.

पुढचे पाऊल ठरलेलेच होते. २०११ मधल्या ‘ग्रोइंग अप’ या किशोरांच्या मालिकेत तिच्यासमोर डॅनियल पादिला आला. २०१२ च्या ‘प्रिन्सेस अँड आय’ने ही जोडी देशभर नेली. त्यात एका साध्या मुलीला आपण यांगदोन या काल्पनिक हिमालयी राज्याची राजकन्या असल्याचे कळते. काही चित्रीकरण भूतानमध्ये झाले होते. दोघांच्या नावांतून चाहत्यांनी ‘कॅथनील’ हे एकच नाव बनवले. मग ‘गॉट टू बिलीव्ह’, ‘पांगाको सा यो’ची नवी आवृत्ती, ‘ला लुना सांग्रे’ अशा मालिका आणि जवळपास दरवर्षी चित्रपट. २०१८ च्या ‘द हाऊज ऑफ अस’ने तिकीटविक्रीत ८० कोटी पेसोंचा पल्ला ओलांडल्याचे जाहीर झाले.

या यशाला मर्यादाही होती. जोडीतल्या अभिनेत्रीला कोणती भूमिका मिळेल, हे जोडीच्या प्रेमकथेत काय बसते यावर ठरते. चुंबन कधी, भांडण कधी, वाईट वागणे कितपत, या सगळ्यावर चाहत्यांचा पहारा असतो. विशी ओलांडली तरी ती मुलगी सोळा वर्षांचीच राहावी, अशी बाजाराची इच्छा असते. हा या पद्धतीतला सर्वांत मोठा दोष आहे आणि तो नुसता कलेपुरता नाही. माणसाचे खासगी आयुष्यही त्यात गहाण पडते.

म्हणून २०१९ चा ‘हॅलो, लव्ह, गुडबाय’ महत्त्वाचा. कॅथी गार्सिया-मोलिना दिग्दर्शित या चित्रपटात कॅथ्रिनसोबत डॅनियल नव्हता. एबीएस-सीबीएनच्या प्रतिस्पर्धी जीएमए वाहिनीचा आल्डेन रिचर्ड्स होता, ज्याची स्वतःची जोडी २०१५ मध्ये तुफान गाजली होती. कॅथ्रिनने हाँगकाँगमध्ये घरकाम करणारी जॉय ही तरुणी रंगवली. कुटुंबाचे पोट तिच्यावर, स्वप्न कॅनडाला जाण्याचे आणि प्रेमात पडायला सवड नाही. लाखो फिलिपिनो परदेशात घरकाम, शुश्रूषा, जहाजावरची नोकरी करून घरी पैसे पाठवतात. त्यांच्या घरांतल्या प्रेक्षकांना जॉय परकी वाटली नाही. चित्रपटाने सुमारे ८८ कोटी पेसो मिळवले आणि तेव्हाचा उच्चांक मोडला. राजकन्येपासून मोलकरणीपर्यंत आल्यावर तिच्यातली अभिनेत्री सर्वांना दिसली. २०२३ मध्ये ‘अ व्हेरी गुड गर्ल’मध्ये तिने सूडाने पेटलेली नायिका केली. त्याच वर्षी ३० नोव्हेंबरला तिने आणि डॅनियलने आपले नाते संपल्याचे जाहीर केले. जोडी तुटली की तारकाही संपते हा जुना समज. पण पुढच्याच वर्षी आलेला जॉयच्या कथेचा उत्तरार्ध ‘हॅलो, लव्ह, अगेन’ हा १०० कोटी पेसोंच्या पुढे गेलेला पहिला फिलिपिनो चित्रपट ठरला.

या प्रवासातल्या अठराव्या वाढदिवसाला वेगळे स्थान आहे. फिलिपीन्समध्ये मुलीचा अठरावा वाढदिवस ऐपतीप्रमाणे थाटात करतात. अठरा पुरुष हातात एकेक गुलाब घेऊन पाळीपाळीने तिच्याबरोबर नाचतात, त्यांत सहसा वडीलही असतात. अठरा मैत्रिणी आणि नातलग बायका मेणबत्त्या घेऊन तिला शुभेच्छा सांगतात. घरगुती समारंभात शेवटचा गुलाब कोणाचा, याची थट्टामस्करी चालते. तारकेच्या समारंभात तीच बातमी होते. बालपणी ओळख झालेली ही मुलगी आता नायिका म्हणून पाहायची, हे प्रेक्षकांना सांगण्याचा याहून थेट मार्ग व्यवसायाला सापडलेला नाही.

मुलांच्या कामावर कायद्याचे बंधन आहे. २००३ च्या प्रजासत्ताक अधिनियम ९२३१ नुसार पंधरा वर्षांखालील मुलाला मनोरंजनाच्या कामासाठी कामगार खात्याचा परवाना लागतो. दिवसाला चार तास आणि आठवड्याला वीस तास ही कमाल मर्यादा, आणि रात्री आठ ते सकाळी सहा काम बंद. पंधरा ते अठरा वयात दिवसाला आठ आणि आठवड्याला चाळीस तास. मुलाच्या कमाईतला जास्तीत जास्त वीस टक्के भागच कुटुंबाच्या सामाईक गरजांसाठी वापरता येतो. वर्षाला दोन लाख पेसो किंवा अधिक मिळवणाऱ्या मुलाच्या नावे किमान तीस टक्के रक्कम विश्वस्त निधीत ठेवावी लागते आणि सज्ञान झाल्यावर ती त्याच्या ताब्यात येते. अनेक घरांत बालकलाकार हाच मुख्य कमावता असतो. त्यामुळे ही कलमे अत्यंत गरजेची आहेत.

सगळेच या एका साच्यातून गेले नाहीत. लेआ सलोंगाने सातव्या वर्षी मनिलाच्या रंगमंचावर पाऊल ठेवले, १९८० मध्ये ‘अॅनी’ची शीर्षकभूमिका केली आणि अठराव्या वर्षी लंडनमध्ये ‘मिस सायगॉन’ची नायिका झाली, तिला जोडीची गरज पडली नाही. ‘ईट बुलागा’ कार्यक्रमातल्या चिमुरड्यांच्या स्पर्धेतून १९८७ मध्ये आलेले आइस सेगेरा गायक म्हणून दुसऱ्यांदा उभे राहिले आणि पुढे राष्ट्रीय युवा आयोगाचे अध्यक्षही झाले. सत्तरच्या दशकाचा लाडका बालनट निन्यो मुहलाख याला मोठेपणी तेवढे नायकपद लाभले नाही; त्याचा मुलगा अलोंझोही बालकलाकार झाला. विल्मा तर लिपा शहराची महापौर आणि बातांगास प्रांताची राज्यपाल झाली.

मे २०२० मध्ये एबीएस-सीबीएनचा प्रसारण परवाना संपला आणि जुलैत संसदीय समितीने तो नव्याने देण्यास नकार दिला. बालतारे घडवणारा सर्वांत मोठा कारखाना मोफत दूरचित्रवाणीवरून एकाएकी नाहीसा झाला. वाहिनीने ऑनलाइन प्रसारण करून आणि इतर वाहिन्यांवर वेळ घेऊन काम चालू ठेवले, एकेकाळच्या वैरी जीएमएशीही हातमिळवणी केली. ‘हॅलो, लव्ह, अगेन’ ही त्या दोघांची संयुक्त निर्मिती. ‘कादेनांग गिंतो’ या २०१८ ते २०२० च्या मालिकेतून पुढे आलेल्या अँड्रिया ब्रिलांतेस, फ्रान्सिन दियाझ, सेथ फेडेलिन आणि काइल एचारी या चौघांना या बदलाचा पहिला फटका बसला. त्यांनी यूट्यूबवर आपला प्रेक्षक टिकवला. मालिकेच्या वेळी ठरलेल्या जोड्या पुढे बदलल्या, आणि २०२४ च्या मेट्रो मनिला चित्रपट महोत्सवात ‘माय फ्यूचर यू’ घेऊन फ्रान्सिन आणि सेथ नवी जोडी म्हणून उतरले.