सुरक्षित जागा आणि सुरक्षित वाटणारी जागा

तंबूची जागा माणूस डोळ्यांनी निवडतो. सपाट, मऊ जमीन, जवळ पाणी, समोर मोकळी दरी, डोक्यावर एखादं झाड. एवढं मिळालं की जीव निर्धास्त होतो. पण ओढ्याकाठची जमीन बहुतेकदा सपाट असते ती पुराने गाळ आणून टाकल्यामुळे, आणि माळावरच्या एकट्या झाडाखाली विजेची भीती जास्त.

स्पेनमध्ये बिएस्कासजवळचा कॅम्प असाच पिरेनीजच्या पायथ्याशी, अरास ओढ्याने पसरलेल्या गाळावर वसवलेला होता. ७ ऑगस्ट १९९६ च्या संध्याकाळी वर डोंगरात तुफान पाऊस झाला, लोंढा कॅम्पमधून गेला आणि ८७ माणसं दगावली. आपल्याकडे भंडारदऱ्याला काजवे पाहायला गर्दी होते तीही मेअखेर ते जूनमध्ये, म्हणजे ऐन वळवाच्या दिवसांत. वरच्या अंगाला पाऊस झाला तर खालचा कोरडा ओहोळ डोक्यावर थेंब न पडताही भरून येऊ शकतो.

'इथे तंबू लावू नये' अशी पाटी लावून भागत नाही. अंधारात थकून आलेला माणूस पाटी वाचत बसत नाही, आधीचे तंबू कुठे आहेत ते बघतो आणि त्यांच्या शेजारी पथारी टाकतो. म्हणून पहिला तंबू आयोजकानेच उंचवट्यावर लावावा. तिथली जमीन आधीच खडे वेचून सपाट करून ठेवावी, आणि ओढ्याकाठी मोठाले दगड टाकून झोपण्याची सोयच राहू देऊ नये. सोय असेल तिकडेच माणूस वळणार, हे गृहीत धरायला हवं.

दिव्यांचंही तेच. हॅलोजनच्या झोतात धीर येतो खरा, पण झोताबाहेर पाऊल पडलं की काही दिसत नाही. डोळे अंधाराला नीट सरावायला वीस-तीस मिनिटं लागतात. संडासाच्या वाटेवर घोट्याच्या उंचीचे मंद दिवे असले तर दगड, खड्डा आणि तंबूच्या ताणदोऱ्या दिसतात.

मला सर्वांत जास्त धास्ती वाटते ती तंबूत नेलेल्या शेगडीची. निखारे विझत आले, ऊब छान आहे, धूरही नाही, म्हणून माणूस चेन लावून झोपतो. कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो, रंग नसतो. झोपलेल्याला जागच येत नाही. इथे नुसती ताकीद पुरत नाही. थंडीत प्रत्येक तंबूत जादा ब्लँकेटं आधीच ठेवावीत आणि निजानीज होण्यापूर्वी शेकोटीवर आयोजकानेच पाणी ओतावं.