अंतराळयानांची फुगडी

फुगडी घालताना दोघी हात घट्ट धरतात, पाय जवळ आणतात आणि मागे रेलतात. गिरकीने वेग धरला की खांद्यांत ओढ जाणवते. एक अंगाने जड असेल तर फिरण्याचा मध्य तिच्याकडे सरकतो आणि हलकीला मोठं वर्तुळ मारावं लागतं. हात सुटले तर दोघी विरुद्ध दिशांना फेकल्या जातात. मंगळाच्या वाटेवर अंतराळवीरांना वजन परत मिळवून देण्याचा सगळ्यात स्वस्त मार्ग असाच आहे: एका टोकाला माणसांचं यान, दुसऱ्या टोकाला रॉकेटचा रिकामा झालेला टप्पा, मध्ये दोर आणि संथ गिरकी.

मुळात वजन जातं कुठे? आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानक जेमतेम 400 किलोमीटर उंचीवर फिरतं. तिथे गुरुत्वाकर्षण जमिनीवरच्या सुमारे 90 टक्के असतं. तरीही आतली माणसं तरंगतात, कारण स्थानक आणि माणसं एकत्रच पृथ्वीभोवती पडत असतात आणि पायाखालून वर रेटणारं काहीच नसतं. आपण ज्याला वजन म्हणतो ते हे रेटणं. ते कशानेही मिळालं तरी शरीराला चालतं.

ते नसेल तर खुब्याच्या हाडाची घनता महिन्याला 1 ते 1.5 टक्क्याने घटते. म्हणून स्थानकावर रोज सुमारे दोन तास व्यायामासाठी राखलेले असतात, ट्रेडमिलवर तर पट्ट्यांनी स्वतःला खाली ओढून घेऊन धावावं लागतं. हाडं आणि स्नायू त्याने बऱ्यापैकी टिकतात. डोळ्यांचं तसं नाही. शरीरातला द्रव डोक्याकडे सरकतो, काहींच्या डोळ्यातल्या दृष्टिचेतेच्या (डोळ्याकडून मेंदूकडे जाणाऱ्या नसेच्या) मुळाशी सूज येते, डोळ्याचा गोल मागून चपटा होतो, आणि यावर व्यायामाचा उपाय नाही. कझाकस्तानात उतरलेल्या अंतराळवीरांना कुपीतून उचलून खुर्चीत बसवायला माणसं हजर असतात. सहा ते नऊ महिने तरंगून मंगळावर उतरणाऱ्यांना तिथे उचलायला कोणी नसेल.

गिरकीचं गणित शाळेतलंच आहे. अभिकेंद्री त्वरण म्हणजे त्रिज्या गुणिले कोनीय वेगाचा वर्ग. वेग दुप्पट केला की त्रिज्येचा चौथा हिस्सा पुरतो. पृथ्वीइतकं वजन, म्हणजे 1 जी, हवं असेल तर मिनिटाला एका फेरीला सुमारे 895 मीटर त्रिज्या लागते, दोन फेऱ्यांना 224, चार फेऱ्यांना 56, सहा फेऱ्यांना 25 आणि दहा फेऱ्यांना फक्त 9 मीटर. हे आकडे पाहून कोणीही म्हणेल, दहा फेऱ्यांचं छोटं चाक करा आणि मोकळे व्हा.

आडवा येतो तो कान. आंतरकर्णात एकमेकींना काटकोनात असलेल्या तीन अर्धवर्तुळाकार नलिका असतात आणि त्यांत द्रव भरलेला असतो. डोकं वळलं की द्रव क्षणभर मागे राहतो आणि मेंदूला वळण्याची बातमी मिळते. सतत एकाच वेगाने फिरत राहिलं तर द्रवही नलिकेबरोबर फिरू लागतो आणि बातमी थांबते. पण अशा फिरत्या खोलीत मान वाकडी केली तर एक नलिका फिरण्याच्या प्रतलातून बाहेर जाते, दुसरी आत येते. एकीला वाटतं फिरणं थांबलं, दुसरीला वाटतं सुरू झालं. दोन्ही बातम्या मिळून मेंदू निष्कर्ष काढतो की आपण कोलांटी खातोय. डोळे मात्र सांगतात की सगळं स्थिर आहे. पुढचा परिणाम घाटातल्या एसटीत खिडकीशी बसलेल्यांना ठाऊक आहे.

अमेरिकेत पेन्साकोला इथल्या नौदलाच्या प्रयोगशाळेत ॲश्टन ग्रेबिएल यांनी 1950च्या दशकाच्या शेवटापासून माणसांना फिरत्या खोलीत दिवसेंदिवस ठेवून हे मोजलं. मिनिटाला तीन फेऱ्यांपर्यंत बहुतेकांना फारसा त्रास झाला नाही. दहा फेऱ्यांना बहुतेकांची दैना उडाली. अभियंते आजही दोन फेऱ्या बिनधास्त, चार फेऱ्या सवयीने, असा हिशेब धरतात तो मुख्यतः या प्रयोगांवरून. मला हा हिशेब थोडा भित्रा वाटतो. 1973-74 मध्ये स्कायलॅब या अमेरिकी अंतराळ स्थानकावर फिरत्या खुर्चीत बसून अंतराळवीरांनी डोकी हलवली, तेव्हा वजनरहित स्थितीला रुळल्यावर त्यांना मळमळ जवळजवळ झालीच नाही. कोलोरॅडो विद्यापीठातल्या प्रयोगांत रोज थोडा थोडा वेग वाढवत नेल्यावर माणसं मिनिटाला सरासरी 17 फेऱ्यांपर्यंत पोचली.

मग यानातच तीन मीटर त्रिज्येचं छोटं अपकेंद्री यंत्र का बसवू नये? त्यात माणूस डोकं मध्याकडे आणि पाय बाहेर करून झोपतो. पायांशी 1 जी हवं तर मिनिटाला 17 फेऱ्या लागतात. उंची 1.7 मीटर असेल तर डोकं मध्यापासून 1.3 मीटरवर येतं आणि तिथे फक्त 0.43 जी मिळतं. एकाच शरीराचे पाय पृथ्वीवर आणि डोकं मंगळावर असल्यासारखं. शिवाय हे औषधाच्या मात्रेसारखं दिवसातून थोडाच वेळ घ्यायचं असतं. 2019 साली जर्मनीत कोलोन इथे 24 जणांना 60 दिवस, डोक्याची बाजू 6 अंश खाली ठेवून अंथरुणाला खिळवलं आणि त्यांतल्या काहींना रोज 30 मिनिटं असं फिरवलं. फायदा झाला, पण बेताचाच. अर्ध्या तासाची गिरकी उरलेल्या साडेतेवीस तासांना पुरी पडत नाही, म्हणून मी दोराच्या बाजूने आहे.

आता फुगडी आकड्यांत मांडू. समजा माणसांचं यान 40 टन, रिकामा टप्पा 20 टन. मिनिटाला दोन फेऱ्या आणि यानात मंगळाइतकं, म्हणजे 0.38 जी वजन हवं आहे. यान मध्यापासून 85 मीटरवर लागतं, निम्म्या वजनाचा टप्पा 170 मीटरवर. दोर 255 मीटरचा. त्यावरचा ताण सुमारे दीड लाख न्यूटन, म्हणजे पृथ्वीवर 15 टनांचं ओझं टांगल्यासारखा. ताणाच्या पाचपट ताकद ठेवली तरी केव्हलार या मजबूत कृत्रिम धाग्याचा असा दोर शंभर किलोच्या आतबाहेर भरतो. चौकशी करणाऱ्यांना सगळ्यात आश्चर्य वाटतं ते याचं: पोलादी चाकं चित्रांत भव्य दिसतात, पण ओढ सोसायला दोर पुरतो.

गिरकी द्यायला इंधन किती? यानाला सेकंदाला 17.8 मीटर आणि टप्प्याला 35.6 मीटर वेग विरुद्ध दिशांना द्यायचा आहे. दोन्ही टोकांना छोटी रॉकेटं असली तर साधारण 500 किलो इंधनात काम होतं. क्रम मात्र चुकता कामा नये. आधी दोर आखूड ठेवून थोडी गिरकी द्यायची, म्हणजे तो ताठ राहतो. मग रॉकेटं अधूनमधून चालवत दोर सोडत न्यायचा. नुसता दोर सोडला तर लांबी दुप्पट होताना वेग चौथा हिस्सा उरतो आणि दोर ढिला पडण्याची भीती असते.

ढिल्या दोराचं काय होतं ते 1966 सालीच दिसलं. सप्टेंबरमध्ये अमेरिकेच्या जेमिनी 11 यानातून बाहेर येऊन रिचर्ड गॉर्डन यांनी एजिना या बिनमाणसांच्या यानाला 30 मीटरचा डेक्रॉनचा (पॉलिएस्टरचा) दोर बांधला. तेवढ्याच कामात ते घामाघूम झाले. मग त्यांचे सोबती पीट कॉनराड यांनी गिरकी द्यायला घेतली, तर दोर ताठ होईना. दोरीउड्यांच्या दोरीसारखा कमान करून तो फिरत राहिला. धीराने वाट पाहिल्यावर तो सरळ झाला आणि वेग मिनिटाला 38 अंशांवरून 55 अंशांपर्यंत नेला. म्हणजे साडेसहा मिनिटांना एक फेरी, आणि वजन पृथ्वीच्या दोन हजाराव्या भागाइतकं. सोडलेला कॅमेरा मात्र सरळ यानाच्या मागच्या भिंतीकडे सरकत गेला. एकात माणसं असलेल्या दोन जोडलेल्या यानांच्या फुगडीची मोजमापं अजूनही याच प्रयोगातून येतात.

दोर तुटण्याची भीती खरी आहे. 1994 मध्ये 20 किलोमीटर लांबीचा एक बारीक दोर कक्षेत सोडला होता, तो चारेक दिवसांत कणाच्या धडकेने तुटला. 1996 मध्ये शटलवरून सोडलेला, वीज वाहून नेणारा दोर ठिणगी पडून जळाला. आपला दोर वीज नेत नाही आणि तो 255 मीटरच आहे, म्हणून धोका बराच कमी. तरी एकसंध जाड दोर कोणी वापरणार नाही. एकमेकींपासून अंतर ठेवून ताणलेल्या आणि मध्ये मध्ये आडव्या धाग्यांनी बांधलेल्या अनेक दोऱ्यांची जाळी करतात. एक दोरी तुटली की भार शेजारच्या दोऱ्यांवर जातो.

ज्याचा विचार उशिरा सुचतो ती अडचण वेगळीच: सूर्य. फिरणारी वस्तू भोवऱ्यासारखी आपला आस सोडत नाही. गिरकीचा आस सूर्याकडे ठेवला तर सौरपत्रे नेहमी उजेडात राहतात, पण मंगळापर्यंत जाताना यान सूर्याभोवती जवळजवळ अर्धी फेरी घालतं आणि आसही तेवढा वळवावा लागतो. आपल्या फुगडीसाठी त्याला सुमारे दीड टन इंधन लागतं, गिरकी देण्याच्या तिप्पट. वळवायचा नसेल तर आस कक्षेच्या प्रतलाला काटकोनात ठेवायचा, पण मग सौरपत्र्यांना मिनिटाला दोनदा उलट फिरून सूर्य धरावा लागतो. त्यासाठी फिरते सांधे आले, सांध्यांतून वीज नेणारे सरकते संपर्क आले आणि त्यांची झीज आली.

आस कोणता निवडायचा याचाही धडा जुना आहे. 1958 साली एक्स्प्लोरर 1 हा पेन्सिलसारखा उपग्रह लांबीच्या आसाभोवती फिरवून सोडला. त्याच्या लवचीक अँटेना हलत राहिल्या, ऊर्जा खात राहिल्या आणि काही तासांतच तो आडवा गरगरू लागला. दोराची फुगडी आधीच आडवी असल्याने या बाबतीत निवांत आहे.

आत राहायला कसं वाटेल? गिरकीच्या दिशेने सेकंदाला 3 मीटर वेगाने धावलात तर वजन 0.38 वरून 0.52 जी होतं. उलट धावलात तर 0.26 उरतं. शिडी चढताना कोरिऑलिसचा, म्हणजे फिरत्या जागेत हलताना जाणवणारा, धक्का अंगाला बाजूला ढकलतो, साधारण तीन अंश कललेल्या शिडीवर असल्यासारखा. मान वाकडी केली की मळमळ आहेच, म्हणून पलंग आणि नियंत्रणाचे फलक असे बसवायचे की काम करताना मान आसाभोवतीच्या वळणाला आडवी जाऊ नये.

मंगळाइतकं वजन पुरेल का याचं उत्तर उंदीर शोधत आहेत. 2016 मध्ये अंतराळ स्थानकाच्या जपानी किबो कक्षात 15 सेंटिमीटर त्रिज्येवर, मिनिटाला 77 फेऱ्यांनी सहा उंदरांना 35 दिवस 1 जी मध्ये ठेवलं, सहा तरंगत ठेवले. तरंगणाऱ्यांची हाडं आणि स्नायू घटले, फिरणाऱ्यांचे टिकले. नंतर चंद्राइतक्या, एक षष्ठांश जी मध्ये स्नायूंचं वस्तुमान टिकलं, तरी त्यांतल्या तंतूंचा प्रकार बदलायचा थांबला नाही. 0.38 हा आकडा या दोहोंच्या मध्ये आहे.

मंगळ जवळ आला की फुगडी सोडायची. उलटी रॉकेटं चालवून थांबवायला पुन्हा अर्धा टन इंधन जाईल, त्यापेक्षा दोर कापणं सोपं. यान 17.8 मीटर वेगाने स्पर्शरेषेत सुटतं, टप्पा उलट्या दिशेला. हा धक्का हवा त्या दिशेला पडला तर मार्ग सुधारायच्या कामी येतो. पण दोन फेऱ्यांच्या वेगात यान सेकंदाला 12 अंश वळत असतं. कापण्यात दशांश सेकंदाचा उशीर झाला तर सेकंदाला 0.37 मीटर वेग आडवा जातो, आणि पोचायच्या दहा दिवस आधी कापला असेल तर मंगळाशी तीनशे किलोमीटरहून जास्त चूक होते. लगेच लक्षात आली तर ती पाचेक किलो इंधनात सुधारते.