कियांतीला वाईन टेस्टिंगला निघण्याआधी एवढं वाचाच

इटलीतल्या टस्कनीच्या ट्रिपमध्ये वाईनरीचा दिवस तुम्ही घेतलात, थँक्यू. आम्ही दोघंच नवरा-बायको हा सगळा कारभार बघतो, त्यामुळे फोनवर प्रत्येकाला तेच तेच सांगत बसण्यापेक्षा एकदाचं लिहून काढलं. जरा लांबलंय, पण हॉटेलवर निवांत वाचा, बसमध्ये वाचू म्हणून ठेवू नका, त्या रस्त्यावर मोबाईलकडे बघितलं की पोटात ढवळतं.

आधी उच्चार. चियांती नाही, कियांती. चुकीचं म्हटलं म्हणून कोणी हाकलत नाही, पण बरोबर म्हटलं की वाईनरीवाल्या घरातल्या आजीचा चेहरा खुलतो.

फ्लॉरेन्स आणि सिएना या दोन शहरांच्या मधे जो डोंगराळ पट्टा आहे तोच कियांती, तिथे आपण जातोय. रस्त्याचं नाव कियांतिजाना, वळणं म्हणाल तर आपल्या आंबेनळी घाटाची आठवण येईल, आणि ग्रेव्हे गावापर्यंत पोचायला साधारण तास लागतो. ज्यांना गाडी लागते त्यांनी पुढच्या सीट आधीच सांगून ठेवा. गाडी लागू नये म्हणून गोळी घ्यायची असेल तर डॉक्टरांना विचारून घ्या, कारण यातल्या बऱ्याच गोळ्यांनी मुळात झोप येते आणि वर वाईन गेली की माणूस टेबलावरच पेंगतो. आवळा सुपारी तर बिलकुल नको. आवळ्यानंतर साधं पाणीसुद्धा गोड लागतं, मग वाईनची चव काय डोंबल कळणार?

नाशिकच्या मोठ्या वाईनरी बघून आलेले बरेच जण ग्रुपमध्ये असतात, आणि तसंच काहीतरी भव्य असेल असं त्यांच्या डोक्यात असतं. इथे तसं नाहीये. गेटवरचा बोर्ड धड दिसत नाही, अंगणात कुत्रं झोपलेलं, दोरीवर चादरी वाळत घातलेल्या, मागे ८ हेक्टर म्हणजे आपल्या हिशोबात २० एकर बाग, आणि तळघरात वाईन. मुलगा बाग आणि तळघर बघतो, टेस्टिंग सूनबाई घेते, स्वयंपाक आजीचा. तुम्ही जिथे बसणार ते टेबल रविवारी त्यांच्याच घरच्यांचं जेवणाचं टेबल असतं. म्हणून आम्ही वेळेबद्दल इतकं कटकट करतो. पहिल्या वर्षी फोटोच्या नादात आमचा ग्रुप ४० मिनिटं उशिरा पोचला, आजी काही बोलली नाही, फक्त रिबोलिताचं पातेलं परत शेगडीवर ठेवलं. रिबोलिता म्हणजे पाव, बीन्स आणि पालेभाजीचं दाट सूप, आणि शब्दाचा अर्थच 'पुन्हा उकळलेलं'. त्या दिवशी ते तीनदा उकळलं, आणि आम्ही खाली मान घालून खाल्लं.

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न: झाडावरची द्राक्षं खायला मिळतील का? कधी येताय त्यावर आहे. आपल्याकडे ऑक्टोबर छाटणी झाली की जानेवारी ते मार्चमध्ये माल तयार होतो, इथे कडक थंडी पडते आणि वेल हिवाळाभर झोपलेली असते, फेब्रुवारीत आलात तर नुसत्या काड्या दिसतील. तोडणी सप्टेंबर मध्यापासून ऑक्टोबरपर्यंत. त्या दिवसांत घरचे सगळे बागेत असतात, टेस्टिंग घाईचं होतं, पण तळघरात आंबणाऱ्या रसाचा जो वास सुटलेला असतो तो बाकी वर्षभर मिळत नाही. आम्हाला विचाराल तर आम्ही मे महिना सांगू, हिरवंगार असतं आणि यजमानांना बोलायला वेळ असतो. आणि हो, घड मिळाला तरी खायच्या द्राक्षाची अपेक्षा ठेवू नका, मणी बारीक, साल जाड, बिया भरपूर.

बाटलीच्या मानेवर काळा कोंबडा दिसेल, त्याची गोष्ट तिथे सांगतातच, तरी थोडक्यात. फ्लॉरेन्स आणि सिएनाचं हद्दीवरून भांडण. ठरलं असं की कोंबडा आरवला की दोन्हीकडून एकेक घोडेस्वार निघेल, जिथे भेटतील तिथे हद्द. सिएनावाल्यांनी पांढरा कोंबडा खाऊपिऊ घालून माजवला, फ्लॉरेन्सवाल्यांनी काळ्याला उपाशी ठेवला, तो भुकेने मध्यरात्रीच ओरडायला लागला आणि त्यांचा स्वार सिएनाच्या पार जवळ जाऊन पोचला. दंतकथाच आहे, पण आपल्या बांधाच्या भांडणांपेक्षा फार वेगळी नाही. कियांती वाईनच्या भागाची कागदोपत्री हद्द मात्र १७१६ मध्ये ठरली, टस्कनीचा तेव्हाचा राज्यकर्ता तिसरा कोसिमो दे मेदिची याच्या फर्मानाने. पुढे नाव इतकं चाललं की आजूबाजूचा बराच मुलूखही आपल्या वाईनला कियांती म्हणायला लागला, म्हणून १९२४ मध्ये मूळ भागातल्या ३३ उत्पादकांनी संघ काढला आणि कोंबडा हे चिन्ह घेतलं. तेव्हा दुकानात नुसतं 'कियांती' आणि 'कियांती क्लासिको' हे एकच समजू नका. क्लासिको म्हणजे हा जुना पट्टा, आणि कोंबडा फक्त त्याच्यावर.

क्लासिकोमध्ये निदान ८० टक्के द्राक्ष सांजोवेसे नावाचं लागतं. पूर्वी यात थोडी पांढरी द्राक्षंही घालायचे, २००६ च्या तोडणीपासून ते बंद झालं. हे सांजोवेसे आपल्याकडे अगदीच अनोळखी नाही बरं का, सोलापूर जिल्ह्यात अकलूजला फ्राटेली या वाईन कंपनीच्या बागेत ते लावलेलं आहे. घरी परतल्यावर दोन्ही बाटल्या शेजारी ठेवून पिऊन बघा, द्राक्ष एकच आणि माती-हवा बदलली की काय होतं ते कळेल.

तळघरात साधारण १५ डिग्री असतं, बाहेर जुलैचं ऊन असलं तरी. शाल किंवा जॅकेट घ्या, आणि हिल्सच्या चपला नकोत, अंगणात खडी आणि आत ओल्या पायऱ्या. मोठी लाकडी पिंपं दिसतील ती क्रोएशियातल्या स्लाव्होनियाच्या ओकची, आणि छोटी २२५ लिटरची फ्रेंच पद्धतीची. छोट्यात वाईनला लाकडाचा वास जास्त लागतो. आमचे यजमान मोठ्या पिंपावाले आहेत, छोट्याचा विषय काढलात तर अर्धा तास गेला म्हणून समजा!

आता मुख्य टेस्टिंग. चार-पाच वाईन असतात, प्रत्येक साधारण ४०-५० मिली, म्हणजे सगळी मिळून १६०-२५० मिली. ऐकायला कमी वाटतं पण अल्कोहोल १३-१४ टक्क्यांच्या आसपास असतं आणि बाहेर ऊन असतं. टेबलावर एक भांडं ठेवलेलं असेल, ते थुंकण्यासाठी आणि उरलेली ओतण्यासाठी. आपल्या लोकांना यजमानांसमोर थुंकायचं म्हणजे कसंतरीच होतं, ते समजू शकतो, पण तिथे त्याचं कोणाला काही वाटत नाही, सूनबाई स्वतः थुंकते, नाहीतर दिवसाला तीन ग्रुप कसे करणार ती? जास्त नको असेल तर ग्लासवर हात ठेवा आणि 'बास्ता, ग्रात्सिए' म्हणा, बास्ता म्हणजे बासच, ग्रात्सिए म्हणजे थँक्यू. एका घोटात संपवू नका, आणि बर्फ मागू नका (मागितला होता एकांनी, सूनबाईने आणला, पण आजी उठून आत गेली).

ग्लास दांडीला धरा, थोडा गोल फिरवा, नाक आत घाला. कशाचा वास येतो विचारतील. पुस्तकी उत्तर म्हणजे चेरी, व्हायोलेट, चामडं. तुम्हाला जे आठवेल ते सांगा, आमच्या ग्रुपमधल्या एका कोकणातल्या काकूंनी 'आमसूल' म्हणून सांगितलं, आम्ही खिशातून चक्क आमसूल काढून सूनबाईला दिलं, तिनं ते चोखलं, डोळे मिटले आणि त्याच वाईनचा वास परत घेतला. तेव्हापासून आम्ही जाताना तिच्यासाठी आमसुलांचं पाकीट नेतो. दुसरं म्हणजे घोट घेतल्यावर जीभ आणि हिरड्या आखडतात, जांभूळ खाल्ल्यावर होतं तसं, ते वाईन खराब असल्याचं लक्षण नाही, सालीतून-बियांतून येणारा तुरटपणा आहे तो. तुरट हा नेमका शब्द आपल्याकडे तयार आहे, कडू म्हणू नका. परफ्यूम, अत्तर, डिओ त्या दिवशी नको, तुमच्यासकट शेजारच्या चौघांचं नाक जातं. तंबाखू-गुटखाही नको, हे सांगायला लागू नये, पण लागतं.

शेवटी विन सांतो येते, गोड वाईन. तिची द्राक्षं टांगून किंवा चटयांवर पसरून काही महिने वाळवतात, आपल्या तासगावच्या बेदाण्याच्या शेडचीच भावकी, आणि मग छोट्या पिंपात भरून माळ्यावर, छपराखाली, उन्हाळ्यात तापत आणि हिवाळ्यात गारठत वर्षानुवर्षं ठेवतात. बरोबर बदामाची कडक बिस्किटं, बुडवून खायची. चहा-खारी करा डोक्यात, जमेल.

खाण्याबद्दल शाकाहारी मंडळींनी नीट वाचा. पावावर तपकिरी चटणीसारखं काही लावलेलं आलं तर ते कोंबडीच्या लिव्हरचं असतं. बडीशेपेचा छान वास येणारे पातळ काप म्हणजे फिनोक्किओना, ते डुकराचं सलामी आहे. पेकोरिनो चीजमध्ये बऱ्याचदा वासराच्या पोटातलं रेनेट (दूध फाडायला वापरतात ते) असतं, आणि काही ठिकाणी वाईन स्वच्छ करायला अंड्याचा पांढरा बलक वापरतात. आम्ही तुमच्या यादीप्रमाणे आधी कळवतो, तरी शंका आली की आम्हाला हाक मारा, उगीच नंतर कळून मन खात बसायला नको. पाव अळणी असेल, विसरलेत असं समजून मीठ मागू नका, टस्कनीत पाव असाच करतात.

वाईन न पिणाऱ्यांनीही या. त्यांच्यासाठी घरच्या ऑलिव्ह तेलाचं टेस्टिंग असतं, ताजं तेल घशाशी गेलं की ठसका लागतो आणि ठसका चांगल्या तेलाची खूण मानतात. १८ च्या आतल्यांना वाईन नाही, कितीही कॉलेजला जात असला तरी. गर्भवती असाल, किंवा शुगर-बीपीची औषधं चालू असतील तर डॉक्टरांना विचारूनच काय ते ठरवा. स्वतः गाडी भाड्याने घेऊन येणाऱ्यांनी लक्षात ठेवा, इटलीत लिमिट रक्तात लिटरला ०.५ ग्रॅम आहे आणि पाच वाईननंतर ती ओलांडली जाऊ शकते. एक जण न पिणारा ठेवा नाहीतर सरळ आमच्या बसने चला.

खरेदीची सक्ती नाही, पण घासाघीसही नको. लेबलवर तीन पायऱ्या दिसतील, साधी किमान १२ महिने मुरवलेली, रिझेर्व्हा २४ महिने आणि ग्रान सेलेझिओने ३० महिने. महाग ती भारी असा सरळ हिशोब करून सगळे तिसरीकडे वळतात. आमचं मत, साधी घ्या. ती लगेच पिता येते आणि भरीत, टोमॅटोची आमटी, पनीर टिक्का यांच्याबरोबर जाते. झणझणीत रश्श्याबरोबर यातली कुठलीच नको, तिखट आणि अल्कोहोल मिळून नुसती आग होते.

भारतात येताना माणशी २ लिटर ड्युटी-फ्री, बाटली ७५० मिलीची, म्हणजे दोनच. तिसरी घेतली की २२५० मिली झालं, आणि मग कस्टमला तोंड द्यायला तुम्ही आहात, आम्ही नाही. बाटल्या चेक-इन बॅगेत, आधी जाड मोज्यात, मग टॉवेलात, बॅगेच्या मधोमध, आणि पांढरे कपडे त्या बॅगेत ठेवू नका.

सकाळी ९ ला हॉटेलच्या लॉबीत. नाश्ता भरपेट करून या, कॉफी हवी तर ८ च्या आत उरका, आणि पाण्याची बाटली प्रत्येकाची स्वतःची.